गायलोय म्हणजे गातोय

दोन हजार तेवीस साली मी बहात्तर वर्षांचा होतो आणि पुस्तकं लिहून बेजार झालो होतो. बातम्या लिहून त्याच्या आधीच झालो होतो.

माझं शिक्षण सातवी, तीही दोनदा. पाथरीच्या स्टँडवर माझी पेपरची एजन्सी होती. एजन्सीवाल्यानंच गावची बातमी पाठवायची असा तेव्हा रिवाज होता, म्हणून मी वार्ताहर झालो. पुढं सारी उमर जीप उलटल्याच्या, फीत कापल्याच्या, कापसाची गंजी पेटल्याच्या बातम्या दिल्या. मग एकदा रविवारच्या पानाला मजकूर कमी पडला, तर बँडमध्ये गाणाऱ्या एका म्हाताऱ्यावर लिहून दिलं. बातमीसाठी कुणी कधी माझ्या दुकानाची पायरी चढलं नव्हतं, त्या लेखासाठी चढले. तेव्हापासून मी गाणाऱ्यांची चरित्रं लिहितो. लग्नात गाणारे, कॅसेटवाले, कव्वालीच्या पार्ट्या. शाळेतली मराठी मला धड येत नाही. माणूस कसा बोलतो ते मी ऐकतो आणि तसंच उतरवतो. यात मला कुणी शिकवू नये असं माझं मत होतं. अजून आहे.

त्या साली माझं जे पुस्तक निघालं ते चुडाव्याच्या एका गायकाचं. एके काळी त्यांच्या कॅसेटी जीपमध्ये, टपरीवर, चौदा एप्रिलच्या जयंतीच्या मंडपात वाजायच्या. कॅसेट गेली, मग सीडी गेली, हे राहिले. सत्तरी गाठली तरी कुणाच्या लग्नाला, नामकरणाला बोलावलं की पेटी घेऊन जायचे. आणि दर जयंतीला बोरी गावचा कार्यक्रम. मोठा म्हणावा असा तो एकच उरला होता. बाकीचं वर्ष ते त्या एका कार्यक्रमाच्या भरवशावर गायक असायचे.

हिवाळाभर मी त्यांच्याकडं जाऊन बसलो. शेवटच्या खेपेला विचारलं, "दादा, आता काय चाललंय?"

पेटीचा भाता न थांबवता ते म्हणाले, "काय चालायचंय? गायलोय की."

पुस्तकाचं नाव तिथंच ठरलं. आमच्याकडं 'जेवायलोय' म्हणजे आत्ता ताटावर बसलोय. 'जायलोय' म्हणजे वाटेत आहे. 'गायलोय' म्हणजे गाणं चालू आहे. पुण्याच्या प्रकाशनाच्या बाईंनाही नाव फार आवडलं. पण पुण्याकडं 'गायलोय' म्हणजे गाऊन झालंय. त्यांना आमचं ठाऊक नव्हतं, मला त्यांचं ठाऊक नव्हतं. एकाच शब्दावर आम्ही दोघं खूश.

आतला मजकूर मी शब्दाशब्दाला भांडून आहे तसा ठेवला. मागचं पान मात्र त्यांच्याकडचं. बसनं खोकं आलं, ते फोडलं, तर मागं छापलेलं: आयुष्यभर गाऊन आता शांत झालेला आवाज.

मी फोन लावला. "बाई, हा माणूस गायलाय."

"हो सर, तेच लिहिलंय ना आपण. गायलाय."

"तसं नाही. गायलाय म्हणजे गायलाय."

मग त्या म्हणाल्या, "सर, ते अजून गातात, असं म्हणताय का तुम्ही?"

"मग पुस्तकाच्या नावात काय लिहिलं मी?"

बाई चांगल्या होत्या. माफी मागितली. दुसऱ्या आवृत्तीत बदलू म्हणाल्या. माझ्या पुस्तकांना दुसरी आवृत्ती नसते, हे मी त्यांना सांगितलं नाही. फोन ठेवला.

तोवर त्या मागच्या पानाचा फोटो मोबाइलवर गावोगाव फिरला होता. पंधरवड्यानं गायकाच्या बायकोचा मला फोन, "भाऊजी, एकदा येऊन जा."

गेलो. दादा बाजेवर भिंतीकडं तोंड करून पडलेले. वहिनींनी पाणी दिलं आणि तांब्या खाली ठेवायच्या आत बोलल्या, "नवरा माझा, अन् रिटायर केला तुमी. मास्तरला निदान पेन्शन तरी असती."

"झालं काय?"

"बोरीवाल्यांची पत्रिका आली. शाल, नारळ, ह्यांचा सत्कार. गाण्याला नांदेडचा ऑर्केस्ट्रा."

दादांना म्हणालो, "तुमी फोन करून सांगायचं की."

"केला की," ते भिंतीशीच बोलले. "म्हनलं, मास्तर, मी गायलोय. तर म्हनले, हाव दादा, लय गायलात. आता आराम करा."

बोरीच्या समितीचा अध्यक्ष शाळेत मास्तर. तो आमच्याच बोलीचा, 'गायलोय' त्याला कळत नव्हतं असं नाही. पण त्यानं मागचं पान वाचलं होतं, आणि छापलेल्यापुढं तोंडी बोललेलं कुणी धरत नाही. ती सवय लोकांना लावणाऱ्यांत आम्ही पेपरवालेच पुढं.

मी बोरीला गेलो. मास्तरनं खुर्ची दिली, चहा मागवला आणि म्हणाला, "काका, तुमीच छापायचं अन् तुमीच खोटं म्हणायचं?"

"मागचं पान माझं न्हाई."

"मग पुस्तकावर नाव कुणाचं हाय?"

यावर मी चहा पिलो.

ऑर्केस्ट्रा ठरला होता, पत्रिका वाटल्या होत्या. शेवटी मास्तर म्हणाला, "सत्काराला उत्तर म्हणून दादाला माईक देतो. मनोगत. त्यात त्यांना काय करायचं ते करू द्या."

मला राग आला. ज्या माणसासाठी हे गाव सांजेपासून चटया टाकून जागा धरायचं, त्यानं आता भाषणाच्या नावाखाली गायचं? मी मास्तरसमोरच दादांना फोन लावला आणि म्हणालो, सत्कारच नाकारा, जाऊ नका.

ते म्हणाले, "माईक देतेत ना? मग भांडायलात कामून?"

जयंतीला बोरीत आम्ही दोघं दुपारीच पोचलो. सत्कार ऊन उतरायच्या आधी उरकायचा होता. मंडपात पुढं बाया, मागं रिकाम्या खुर्च्या. ऑर्केस्ट्रावाले वायरी जोडत होते. दादांच्या खांद्यावर शाल टाकली. त्यांनी ती घडी करून खुर्चीवर ठेवली, माईक जवळ ओढला आणि मनोगताचा एक शब्दही न बोलता गाणं उचललं. पेटी नाही, ढोलकी नाही. खालचा सूर पहिल्यासारखाच जाड, भरलेला. वरच्या सुरातली ओळ आली तसा त्यांनी माईक बायांकडं फिरवला, आणि बायांनी ती म्हटली. दुसऱ्या कडव्याला तसंच, तिसऱ्यालाही. मास्तर घड्याळ बघत होता, पण मधे आला नाही.

खाली उतरून आम्ही फाट्यावर जीपची वाट बघत उभे राहिलो. मागं ऑर्केस्ट्राचं 'चेक, चेक' सुरू झालं होतं.

"कसं झालं?" दादांनी विचारलं.

"वरचं बायांनी म्हनलं."

"कॅसेटमधी बी बायाच म्हनत्यात. चरित्र लिवलं, अन् तेवढं ऐकलं न्हाई व्हय?"

जरा वेळानं ते म्हणाले, "पुस्तकाच्या मागं माझा नंबर टाका."

"पुस्तक म्हंजे काय पत्रक हाय का?"

"लगीनसराई चालू हाय. लोकाला वाटायलंय मी बंद झालो. या साली शाल तरी दिली. पुढच्या साली शाल बी न्हाई अन् माईक बी न्हाई."

जीप आली. परभणीपर्यंत तो नंबर माझ्या डोक्यात घोळत राहिला. बातमीखाली नंबर टाका म्हणणारे कितीतरी जण मी दुकानावरून हाकलले होते. ट्रॅक्टरवाले, क्लासवाले, पुढारीसुद्धा. पुढाऱ्यांना मी नाही म्हटलं आणि आता माझ्याच पुस्तकावर? परभणीला ते स्टेशनकडं गेले, मी स्टँडकडं. जाताना त्यांनी पुन्हा विचारलं नाही. विचारलं असतं तर मी नाही म्हणून मोकळा झालो असतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी बायकोला खळ शिजवायला लावली. उरलेल्या प्रती ओसरीवर मांडल्या आणि एकेक मागचं पान कोऱ्या कागदानं झाकत गेलो. कागद वाळला की वर हातानं लिहिलं: हे गातात. कार्यक्रमाला बोलवा. खाली त्यांचा नंबर टाकला आणि पुढची प्रत घेतली.