आश्लेषाचं एक मिनिट

इंग्लंडमधल्या रीडिंग शहरातल्या डॉक्टर दांपत्याची मुलगी आश्लेषा करंदीकर अकरा वर्षं एकाच फुटबॉल क्लबच्या बचावफळीत खेळली. गुडघा गेल्यावर तिथेच सहायक कोच झाली. यंदा हेड कोचची जागा मिळाली ती तिच्यानंतर क्लबमध्ये आलेल्या केरीला. केरीला टॅकल करायला आश्लेषानेच शिकवलं होतं. केरीचं अभिनंदन करताना आश्लेषाचा नुसता जळफळाट होत होता.

पहिल्याच सामन्यात त्यांच्या संघावर गोल बसला, बचाव ढासळू लागला. आश्लेषाला बरंच वाटलं.

"काय करू, सांग ना," केरी म्हणाली.

उत्तर ठाऊक असूनही आश्लेषा मिनिटभर गप्प राहिली. तेवढ्यात दुसराही गोल बसला.

"डावीकडची दमलीये, तिला बदल," ती खाली बघत म्हणाली.

केरीने तिला बदललं, संघाने दोन्ही गोल फेडले आणि सामना बरोबरीत सुटला. स्थानिक पेपराने केरीच्या अचूक बदलाचं कौतुक केलं. आश्लेषाने त्या मिनिटाबद्दल कुणालाच सांगितलं नाही.