सात आकडे आमचे

लुडोचा फासा दिसला की अजून माझं डोकं फिरतं. पोलादपूरच्या वर आमच्या वाडीत शिमग्याची पालखी आधी कोणाच्या दारी जाणार, यावरून दोन भावक्यांत जुंपली होती. गुरवानं लावलेला कौलही कोणी मानेना, तेव्हा समोरच्या भावकीतला एक मुंबईकर म्हणाला, "दोन फासे टाकू. बेरीज पाच, सहा, सात, आठ आली तर पालखी आधी आमच्याकडं. उरलेले सातही आकडे तुमचे." माझे काका खूश. मी ओरडलो, "काका, फसवतोय तो! सातची बेरीज सहा प्रकारे येते, बाराची एकाच. त्याचे चार आपल्या सातांना भारी हायत." "देवासमोर शाळा नको शिकवू," काका गुरकावले, "सात जास्ती का चार?" फासे पडले, तीन आणि एक. आम्ही जिंकलो. गुलालानं नाक चोंदलं, पालखी आमच्या अंगणात नाचली. मुंबईकर दात काढत म्हणाला, "दरवर्षी हेच आकडे ठेवू." काकांनी लगेच हो म्हटलं आणि माझ्याकडं बघून थुंकले, "मोठा हुशार!" त्यानंतरच्या वर्षांत पालखी जास्त वेळा समोरच्या भावकीच्याच दारी आधी गेली. यंदाही गेली. काका सगळ्यांदेखत मला म्हणाले, "तुझ्या त्या अपशकुनी तोंडामुळं देव रुसलाय. पुढच्या शिमग्याला येऊ नको."