मेजरची निवृत्ती

शेलारमामा माणसांना अरे-तुरे करत आणि कुत्र्याला अहो-जाहो. बोईसरच्या आमच्या कारखान्यात मी भांडारातला कारकून, आणि मामा गेटवर मेजर नावाच्या अल्सेशियनचे रखवालदार. मेजरला फोटोसकट ओळखपत्र होतं. गेटबाहेरच्या भटक्या कुत्र्यांकडे बोट दाखवून मामा म्हणत, "आमचे मेजर पर्मनंट. ती कंत्राटी."

एखादा हमाल चिडवी, "मामा, कभी हमको भी आप बोलो!"

"पहले सूंघना सीख."

चोरानं विषारी मटण टाकलं तरी मेजरनं तोंड लावू नये, म्हणून मामांनी त्याला एक गोष्ट पक्की शिकवली होती: मामांनी "जेवा" म्हटल्याशिवाय खायचं नाही. इतर कुणाचं "जेवा" चालत नसे. मामांना याचा फार अभिमान.

मेजर थकला, तेव्हा कंपनीनं त्याला समारंभपूर्वक निवृत्त केलं. शाल, हार आणि व्यवस्थापकांचं निष्ठेवर लांबलचक भाषण. मेजर हार हुंगून शिंकला. समारंभात तेवढंच मला पटलं. दुसऱ्या दिवशी त्याची खोली नव्या कुत्र्याला हवी होती. मामांच्या बेटेगावच्या चाळीत कुत्र्यांना बंदी. शेवटी त्यांनी मेजरला सातपाटीला, बोंबील सुकवणाऱ्या ओळखीच्या हिराबाईंकडे नेलं.

"सोड हितं," त्या म्हणाल्या. "पाच भटकी हायेत, हा सावा."

तीन दिवसांनी त्यांचा फोन आला. "तुजा साहेब मरंल रं! मासळी पुढ्यात हाय न् नुसता बघत बसलाय. बाकीची खाऊन जातात."

मामा रोज कामाआधी सातपाटीला जाऊन "जेवा" म्हणू लागले. आठवड्यानं हिराबाईंनीच ठणकावलं, "तू येतो म्हणून तो आपणहून खात नाय. आता येऊ नको."

मामा दोन दिवस कसेबसे थांबले. तिसऱ्या दिवशी मला घेऊन गेले. वाळत घातलेल्या बोंबलांच्या आडून आम्ही पाहत होतो. एक लंगडी कुत्री माशाचं डोकं ओढत चालली होती. मेजर उठला, गुरगुरला, त्यानं तिच्याकडून ते हिसकावलं आणि खाल्लं.

"खाल्लं!" मामांनी माझा दंड धरला. मग पकड सैल झाली. "न विचारता खाल्लं. तेही लंगडीचं."

हाक मारायला त्यांनी तोंड उघडलं आणि मिटलं.

"सुटले म्हणायचे का बिघडले, रे?"

मेजर आता जमीन चाटत होता.

"चल लवकर," मामा म्हणाले. "वारा फिरलाय. आपला वास लागला तर परत 'जेवा'ची वाट बघत थांबतील ते."