कानात बोलणारे खासदार

"बोलू नका म्हणजे? भाषण नको, की बोलणंच नको?" खासदारांनी घोगऱ्या आवाजात विचारलं.

"बोलणंच नको. खाकरणं नको, कुजबुजणंही नको," मी म्हणाले.

त्यांनी बायकोकडे पाहिलं. त्यांना सगळे 'दादा' म्हणत आणि त्यांच्या बायकोला 'बौदी', म्हणजे आपली वहिनी. बौदी म्हणाल्या, "मॅडम, हे तुम्ही लग्नाआधी का नाही सांगितलंत?"

मी स्पीच थेरपिस्ट. म्हणजे तोतऱ्या मुलांची बाई, असंच लोकांना वाटतं. पण आवाजाचे पेशंटही आमच्याकडेच येतात. घशात दोन पडदे असतात. बोलताना ते एकमेकांवर आपटतात. फार ओरडलं की सुजतात, आणि तरीही ओरडत राहिलं की पायाला कुरूप होतं तशा त्यांच्यावर गाठी येतात. दादांना त्या आल्या होत्या.

आम्ही सॉल्ट लेकमध्ये राहत होतो, नवऱ्याची बँकेतून कोलकात्याला बदली झाली म्हणून. मला एका खाजगी हॉस्पिटलात नोकरी मिळाली खरी, पण माझं बांग्ला मासळीवाल्यापुरतं. बोलायला शिकवणाऱ्या बाईलाच बोलता येत नाही म्हटल्यावर पेशंट एकदा येत आणि पुन्हा फिरकत नसत. दादांना मी हे आधीच सांगून टाकलं. ते हिंदीत म्हणाले, "तुम्हाला बांग्ला येत नाही, मला बोलता येत नाही. जमेल आपलं."

मला इतकं बरं वाटलं की काय सांगू.

मग केस हिस्टरी घेतली. आवाज कधीपासून, कुठे, किती वापरला, हे त्यात विचारायचं असतं. दादांच्या बाबतीत ते सगळं आयुष्यच निघालं. तरुणपणी कारखान्याच्या गेटवर युनियनच्या सभा, माइक नाही. मग एस्प्लनेडला मोर्चे, तिथे ट्रॅफिकच्या वर आवाज काढायचा. मग नगरसेवक, मग खासदार, आणि खासदार म्हणजे पुन्हा पुन्हा खासदार. लोकसभेत गोंधळ चालू असतानाही भाषण पुरं करणारे म्हणून त्यांची ख्याती होती. "बसून बोलायची सवयच नाही," ते म्हणाले.

आता निवडणूक तोंडावर आली होती. दादांचा आवाज गेला, दादा थकले, अशी पक्षात चर्चा सुरू झाली होती. आमच्या सर्जननी स्पष्ट सांगितलं होतं: आवाजाला विश्रांती देऊन सूज उतरली तर ठीक, नाहीतर ऑपरेशन. ऑपरेशन म्हणजे प्रचार नाही, आणि प्रचार नाही तर तिकीट नाही.

पुढच्या तपासणीला घशात कॅमेरा घातला. सूज तशीच. उलट पडदे जास्तच लाल.

सर्जननी माझ्याकडे पाहिलं. "व्हॉइस रेस्ट चालू आहे ना?"

"घरात एक शब्द नाही बोललेले," बौदींनी शपथ घेतली. दादांनीही निरागसपणे मान हलवली.

मला काही पटेना. "सर, मी यांच्या घरी जाऊन बघते," मी म्हणाले.

"आपण होम व्हिजिट करत नाही."

"मला घर नाही बघायचं. हे काम कसं करतात ते बघायचंय."

ते हसले आणि जा म्हणाले.

दादांच्या घरी तळमजल्यावर रोज सकाळी लोक भेटायला येत. बाकं भरलेली, हातात फायली, चहाचे भांड, म्हणजे मातीचे कप, फिरत होते. दादा आले, हात जोडले, तोंडातून अक्षर नाही. मी खूश. तेवढ्यात पहिला माणूस पुढे झाला. दादांनी त्याच्या खांद्याला धरून त्याला जवळ ओढलं, त्याच्या कानाला तोंड लावलं आणि काहीतरी सांगितलं. त्याचा चेहरा उजळला. मग दुसरा. मग तिसरा.

इथे एक सांगायला हवं. कुजबुजणं म्हणजे हलकं बोलणं, असा सगळ्यांचा समज असतो. पण जोर लावून कुजबुजताना माणूस गळा आवळून हवा ढकलतो. सुजलेल्या घशाला ते साध्या बोलण्यापेक्षाही जड जाऊ शकतं.

मी पुढे गेले. "दादा, हे काय चाललंय?"

त्यांनी मलाही जवळ बोलावलं आणि माझ्या कानात म्हणाले, "मी कुठे बोलतोय?"

मी कपाळावर हात मारला. "हे बोलणं नाही तर काय आहे?"

"कानातलं बोलणं आम्ही राजकारणात धरत नाही."

मी पिशवीतून मुलांची पाटी काढून त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी ती दोन बोटांनी परत सरकवली. बौदी हसायलाच लागल्या. "मॅडम, यांनी आजवर कोणाला काही लिहून दिलेलं नाही. तुमच्या पाटीवर काय लिहिणार!"

दादांनी पुन्हा माझा कान गाठला. "कानात काही सांगितलं नाही, तर लोकांना वाटतं दादा रागावले."

माझं डोकं फिरलं. "मग करून घ्या ऑपरेशन. घरी बसा. मग तुम्ही रागावलात असंही कोणाला वाटणार नाही आणि कोणी येणारही नाही."

बाकांवरच्या सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. खासदारांशी असं कोणी बोलत नसावं. पण बौदी उठल्या. एक टेबल ओढून त्यांनी दादांच्या पुढ्यात आडवं घातलं. आता कोणाचा कान दादांच्या तोंडापर्यंत पोचेना. मग त्या लोकांना म्हणाल्या, "दादा कोणावर रागावलेले नाहीत. दादा सध्या फक्त ऐकणार आहेत."

पुढे एक म्हातारी बाई आली. तिचं बोलणं बौदी मला हिंदीत सांगत होत्या. ती गल्लीतल्या नळासाठी बरेचदा येऊन गेली होती. दरवेळी तिनं 'नळ' म्हटलं की दादा म्हणायचे, "होबे, होबे", होईल, होईल. आजही ती 'नळ' म्हणून थांबली. होबे आलंच नाही. तेव्हा ती पुढे बोलली. नळ तर कधीच बसला होता, आणि तो तिच्या दारातच बसला होता! पाणी घरात शिरत होतं. तिला तो हलवून हवा होता. दादांनी टेबलावर डोकंच टेकवलं.

त्या दिवसापासून ते खरोखर गप्प राहिले. मग मी हळूहळू ओठ मिटून गुणगुणण्याचे व्यायाम सुरू केले. त्यांनी ते शाळकरी मुलासारखे न चुकता केले.

शेवटच्या तपासणीला सर्जननी स्क्रीन आमच्याकडे वळवला. पडदे पांढरे, गाठी विरलेल्या, कडा सरळ. "ऑपरेशनची गरज नाही. बोला आता, पण हळू."

आम्ही वाट पाहत होतो. दादा बौदींकडे वळले आणि साध्या, स्वच्छ आवाजात म्हणाले, "खेयेछो?" म्हणजे, जेवलीस का?

बौदींनी पदर डोळ्यांना लावला. "बाहेर बोलून घरी यायचे तेव्हा यांच्याकडे आवाजच उरलेला नसायचा," त्या मला म्हणाल्या.

दादांना तिकीट मिळालं. त्या प्रचारात ते थोडकं बोलले, माइक जवळ धरून बोलले आणि निवडून आले. थोडकं बोलल्यामुळे आले की तरीही आले, ते मला सांगता येणार नाही. माझं मात्र कल्याण झालं. दादांनी पाठवलेले शिक्षक, सियालदहच्या बाजारातले ओरडून माल विकणारे, सगळे माझ्याकडे येऊ लागले. बांग्ला येतं का, असं कोणी विचारलं नाही. परक्या गावात माझ्यावर पहिला विश्वास दादांनी टाकला, आणि तो त्यांच्या सगळ्यात मोलाच्या वस्तूसाठी टाकला. हे मी विसरणार नाही.

धडा एवढाच. दवाखान्यात प्रत्येक पेशंट शहाण्यासारखा वागतो, त्याला कामावर जाऊन बघावं. आणि तो खासदार असेल तर त्याच्या तोंडावर नव्हे, शेजारच्याच्या कानावर लक्ष ठेवावं.