बसून जायची वाट

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. माझ्या सासूबाई शांतम्मा, म्हणजे आमच्या आत्याबाई, चांगल्या शहाण्या आहेत आणि त्या तीन कोर्टांच्या पायऱ्या चढल्या. जिंतूर, परभणी आणि वर खंडपीठ. त्याही दुखरे गुडघे घेऊन. तेव्हा ती म्हण ज्याने काढली त्याला आमच्या आत्याबाई भेटल्या नसाव्यात, नाहीतर त्याचा स्वतःचा दावा बुडालेला असावा.

आम्ही चारठाण्याजवळच्या एका खेड्यातले लिंगायत. आमच्यात माणूस गेला की जाळत नाहीत. अंगाला भस्म लावून, गळ्यातलं लिंग तळहातावर देऊन, मांडी घालून बसवतात. सजवलेल्या विमानात, म्हणजे उघड्या पालखीत, तसंच बसलेलं चौघांच्या खांद्यावरून नेतात आणि बसलेलंच मातीत ठेवतात. माझे सासरे चंद्रप्पा आमच्याच रानात, ओढ्याकडेला बेलाच्या झाडाखाली असे बसले आहेत. त्यांच्या शेजारची जागा आत्याबाईंची. हे त्यांनी फार पूर्वी ठरवलं आणि गावात दहा जणांना सांगूनही टाकलं. माझ्या नवऱ्याला, सोमेश्वरला, हा विषय निघाला की लगेच दुकानातलं काहीतरी काम आठवतं.

रानाचा पुढचा, सडकेकडचा भाग आम्ही भुजंगरावांना विकला आणि त्यातून सोमेश्वरने पाण्याच्या मोटारी दुरुस्त करायचं दुकान टाकलं. ओढ्याकडचा समाधीचा एकर तेवढा ठेवला. खरेदीखत लिहिणाऱ्याने विचारलं होतं, "मागच्या रानाला वाट लिहायची का?" आत्याबाई म्हणाल्या, "लिहायची कामून? समाधीला जाणाऱ्याला कोण अडवतंय?" भुजंगरावांनी मान डोलावली. मनापासून डोलावली होती, हे मला कबूल केलं पाहिजे, जरी त्या माणसाबद्दल काहीही चांगलं कबूल करायला माझी जीभ अजून कचरते.

मग भुजंगरावांनी मोसंबी लावली. मोसंबी आली तशी रानडुकरं आली, डुकरांसाठी तारेचं कुंपण आलं, कुंपणाला फाटक आणि फाटकाला कुलूप आलं. सुरुवातीला किल्ली मिळायची. पुढे किल्ली कधी पोराकडे असायची, कधी परभणीला राहिलेली असायची. एका सोमवारी आत्याबाई तांब्या आणि बेलाची पानं घेऊन फाटकाशी उभ्या असताना पलीकडून भुजंगराव म्हणाले, "काकू, आता सारखं सारखं नका येऊ. बहार धरलाय. तुमच्यामागं जनावरं शिरायलेत."

मी असते तर तांब्या फेकून मारला असता. आत्याबाईंनी फाटकाच्या खांबालाच पाणी वाहिलं आणि घरी येऊन म्हणाल्या, "त्रिवेणी, ह्याचा निकाल लावावा लागंल."

आधी गावातल्या थोरांना बसवलं. ते पुढच्या अमावास्येला नक्की सांगतो म्हणाले आणि अशा बऱ्याच अमावास्या गेल्या. पोलीस ठाण्यात गेलो तर कळलं की हे दिवाणी प्रकरण आहे, पोलिसांचं काम नाही. मग तहसील. शेताची वाट अडवली तर तहसीलदारांनाही कोर्टासारखा हुकूम देता येतो, पण वाट अडवल्यापासून सहा महिन्यांत त्यांच्याकडे जावं लागतं. आमचे सहा महिने अमावास्या मोजण्यात गेले होते. तहसीलदार म्हणाले, मुदत संपली, आता दिवाणी कोर्टात दावा लावा. परत येताना बसमध्ये मी त्या थोरांचा नावानिशी उद्धार केला. आत्याबाई खिडकीतून बाहेर बघत म्हणाल्या, "बरं झालं. एक दार बंद हाय, हे तरी कळलं."

जिंतूरला मंजुषाताई वकील भेटल्या. तरुण, भराभर बोलणाऱ्या. त्यांनी आधी सगळी उतरंड समजावून दिली. तालुक्याला कनिष्ठ स्तराचे दिवाणी न्यायाधीश बसतात. फौजदारीत तेच दंडाधिकारी. म्हणजे सकाळी मारामारी आणि दुपारी बांधाची भांडणं, खुर्ची तीच. मोठ्या किमतीचे दावे वरिष्ठ स्तराकडे. त्यांच्या वर परभणीचं जिल्हा आणि सत्र न्यायालय. खालच्या निकालावर अपील तिथं, खुनाचे खटलेही तिथं. त्याच्याही वर मुंबईचं उच्च न्यायालय, पण आपल्या मराठवाड्याला मुंबई गाठावी लागत नाही, खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे.

आत्याबाईंनी ते लगेच घरच्या हिशेबात बसवलं. "म्हंजी धाकला भाऊ, थोरला भाऊ, चुलता अन् आजा."

"आणि दिल्लीचं सर्वोच्च?" मंजुषाताई हसल्या.

"ते पणजोबा. त्यांना कामून तरास द्यायचा?"

दाव्यात काय मागायचं ते सोमेश्वरने सांगितलं आणि मंजुषाताईंनी लिहिलं: समाधीकडे जाण्यासाठी पायवाट मिळावी. आत्याबाईंनी सही केली. मीही वाचलं होतं. मला त्यात काही खटकलं नाही.

साक्षीपुरावे सुरू होण्याआधी कोर्टाने प्रकरण मध्यस्थीला पाठवलं. म्हणजे न्यायाधीशांसमोर नाही, बाजूच्या खोलीत, एका शिकलेल्या मध्यस्थासमोर बसून दोन्ही बाजूंनी बोलायचं. जमलं तर तिथंच मिटवायचं. आमच्या मध्यस्थ बाई समंजस होत्या. त्यांनी भुजंगरावांना पाणी दिलं, आत्याबाईंना पंख्याखाली बसवलं आणि तासाभरात वाट काढली. बांधाच्या कडेने तीन फुटांची पायवाट. फाटकाची एक किल्ली कायमची आमच्याकडे. भुजंगराव तयार. सोमेश्वरने कपाळावरचा घाम पुसला. मंजुषाताईंनी कागद पुढे सरकवला. आत्याबाईंनी पेन हातात घेतलं आणि तसंच धरून ठेवलं.

"बाई, तीन फुटांतून मला कसं न्यायचं?"

"चालत जाल की आजी. बांध चांगला आहे."

"चालत जाईन तवर जाईन. पण एक दिस मला बसून जायचंय. दोघं पुढं, दोघं मागं, मदी मी. तीन फुटांत खांदेकरी मावतेत का? आठ फूट तरी लागंल."

मंजुषाताईंनी सोमेश्वरकडे बघितलं. "हे आधी का नाही सांगितलं? कोर्ट मागितल्यापेक्षा जास्त देत नाही. आपण पायवाटच मागितली आहे."

सोमेश्वर फरशीकडे बघत म्हणाला, "आईच्या देखत आईच्या मरणाची वाट कशी मागू, ताई?"

असा हा माझा नवरा. ताकाला जाऊन भांडं लपवणारा. पण खरं सांगायचं तर आमच्या घरात कुणीच मागितली नसती. आम्ही मेलेल्या माणसाला राजासारखं नेतो आणि जिवंत माणसापुढे मरणाचं नावही काढत नाही. त्या क्षणी मला त्याचा राग आला आणि लगेच त्याच्या पाठीवरून हात फिरवावासाही वाटला. कोर्टाच्या खोलीत दोन्ही करता येत नाही.

भुजंगराव अस्वस्थ झाले. "काकू, आठ फूट म्हंजी माझी मोसंबीची आख्खी ओळ जाती. अन् आज खांदेकरी, उद्या टॅक्टर."

"खरं हाय तुजं," आत्याबाई म्हणाल्या. "ओळ जाती. पण माझा नवरा तिथं हाय, भुजंगा. मला बी तिथंच जायचंय." आणि पेन टेबलावर ठेवलं.

मध्यस्थी मोडली. मंजुषाताईंनी दावा दुरुस्त करून घेतला. आठ फुटांची वाट, येण्याजाण्यासाठी आणि अंत्ययात्रेसाठी, असं स्वच्छ लिहिलं. टाइप करणाऱ्याने कागद दिला तेव्हा आत्याबाईंनी तो सोमेश्वरला मोठ्याने वाचायला लावला. तो दोनदा अडखळला, पण त्याने वाचला.

मग तारखा. तारखांबद्दल मी बोलत नाही, माझं डोकं फिरतं. आत्याबाईंची साक्ष मात्र ऐकण्यासारखी झाली. भुजंगरावांचे वकील मोठ्या नम्रपणे म्हणाले, "आजी, गावाबाहेर तुमच्या समाजाची दफनाची जागा आहे ना? तिथं सडकही जाते."

"हाय की."

"मग तिथं काय अडचण आहे?"

"अडचण काही न्हाई, सायेब. पण माझा नवरा तिथं न्हाई."

न्यायाधीशांनी खाली बघून लिहून घेतलं.

निकाल आमच्या बाजूने लागला. मागचं रान स्वतःकडे ठेवून पुढचं विकलं आणि मागे जायला दुसरी वाटच नसली, तर कागदात लिहिलेली नसली तरी गरजेपुरती वाट त्या व्यवहारातच असते, असं न्यायाधीशांनी म्हटलं. आणि गरज काय, ते घरातली रीत बघून ठरवलं. मी पेढे आणायला निघाले. मंजुषाताई म्हणाल्या, "थांबा, ते अपिलात जातील." ते गेले. परभणीच्या कोर्टाने अपिलाचा निकाल लागेपर्यंत जैसे थे ठेवायला सांगितलं. म्हणजे आम्ही जिंकलो आणि कुलूप जागेवर.

जिंकलेल्या माणसाने हरलेल्याच्या मागे मागे वर चढत जायचं, हा काय न्याय, असं मी परभणीच्या बस स्टँडवर तावातावाने म्हणाले. आत्याबाईंचं शांतपणे सुरू होतं: "वरचा खालच्याचं बघतो म्हणून खालचा नीट लिहितो. आपल्या घरात बी मी बघते म्हणून तू भाकरी जाळत न्हाईस." भाकरीवर उत्तर नसतं.

जिल्हा न्यायालयात त्यांना एकच गोष्ट पटली नाही. तिथं कुणी साक्षीला बोलावत नाही. खाली जे नोंदलं गेलं त्याच कागदांवर वकील बोलतात. "मी इथं बसलेली हाय अन् माझ्याबद्दल मलाच विचारीनात," असं त्या कुजबुजल्या, आणि ते इतकं मोठ्याने होतं की पट्टेवाल्याने ओठांवर बोट ठेवलं.

अपील चालू असतानाच, उन्हाळ्यात, आत्याबाई तापाने पडल्या. परभणीच्या दवाखान्यात सलाइन लावलं. त्यांना शुद्ध होती, पण डोळे खोल गेले होते. व्हरांड्यात सोमेश्वर मला म्हणाला, "आत्ता काही झालं तर आईला कुठं न्यायचं गं?" कुलपाच्या अलीकडे मी त्यांना विमानात बसलेलं डोळ्यांसमोर पाहिलं, फाटकाशी थांबलेलं. तेवढी भीती मला आयुष्यात कधी वाटली नव्हती. आत गेले तर आत्याबाईंनी माझ्या तोंडाकडे बघूनच ओळखलं. म्हणाल्या, "असं कामून बघायलीस? निकाल लागल्याबिगर मी हलत न्हाई. आदी मला तिखट काहीतरी खायला आन." मी ठेचा चोरून नेला.

जिल्हा न्यायालयाने खालचा निकाल कायम केला. भुजंगराव खंडपीठात गेले. तिथं दुसरं अपील फक्त कायद्याचा मोठा प्रश्न असेल तरच ऐकतात. कोण खरं बोललं, वाट किती रुंद, हे पुन्हा उकरत नाहीत. आम्ही हट्टाने गेलो होतो. न्यायमूर्तींनी दोन्ही वकिलांना थोडा वेळ ऐकलं आणि यात कायद्याचा प्रश्न निघत नाही म्हणून अपील दाखल करून घेतलंच नाही. बाहेर आल्यावर आत्याबाई म्हणाल्या, "आजा कमी बोलतो, पण झटकन बोलतो." आणि उसाचा रस प्यायल्या.

आता फाटक उघडलं नाही तर दरखास्त, म्हणजे निकाल अमलात आणायचा अर्ज, करायची आणि कोर्टाचा बेलिफ येऊन उघडणार, असं मंजुषाताईंनी सांगून ठेवलं होतं. मी त्या दिवसाची वाटच बघत होते. पण भुजंगरावांनी माझी ती हौस पुरवली नाही. त्यांनी स्वतःच तार मागे घेतली आणि मोसंबीची ओळ काढली. आठ फूट, टेप लावून. वाट मोकळी झाली त्या सोमवारी आत्याबाई म्हणाल्या, "खुर्ची काढा. दोन बांबू बांधा."

"कशाला?"

"मावतंय का बघायला नको? वळणाला अडकलं तर तवा मी सांगायला नसन."

मी अभद्र बोलू नका म्हणाले, सोमेश्वर तर घराबाहेरच गेला. पण आत्याबाई खुर्चीत जाऊन बसल्या होत्या. शेवटी सोमेश्वर परत आला, माझे चुलत दीर जीवन आणि बजरंग आले. चौथा माणूस मिळेना. मी पदर खोचला आणि बांबूला हात घातला.

"सूनबाई, सरका," मागून आवाज आला. भुजंगराव. चिखलाचे हात धोतराला पुसत ते आले आणि त्यांनी बांबूचं मागचं टोक खांद्यावर घेतलं.

वाटभर बोलत होत्या त्या एकट्या आत्याबाई. "सोमा, खांदा वर धर. जीवन, हळू. भुजंगा, वळणाला डावीकडं घे." ओढ्याकडच्या वळणाला बांबू तारेला घासला नाही. बेलाखाली त्यांनी खुर्ची उतरवली. चौघं धापा टाकत होते. आत्याबाईंनी बसल्या बसल्या समाधीला हात जोडले. मग पदराने तोंड पुसून म्हणाल्या, "मावतंय."

भुजंगराव खाली बघत म्हणाले, "काकू, त्या दिशी मला सांगावा धाडा. हाच खांदा देतो."

"मी कशी धाडू रे? त्रिवेणी धाडील. धाडशील ना?"

भुजंगरावांशी कधी बोलायचं नाही, असं मी ठरवलेलं होतं. मी हो म्हणाले आणि मला रडू कोसळलं. आत्याबाईंनी माझा हात धरून स्वतःला खुर्चीतून उठवलं. "रडू नको. आज चालत जायचंय," म्हणाल्या, आणि आम्हा सगळ्यांच्या पुढे घराकडे निघाल्या.