एक्सला आधी काय झालं?

परदेशात, टार्निट नावाच्या उपनगरात राहायला आल्यावर मी एज्ड केअरमध्ये, म्हणजे वृद्धांना सांभाळायचं काम धरलं. ते इतकं आवडलं की नर्सिंग शिकायचं ठरवलं. पण प्रवेशाआधी गणिताची चाचणी होती आणि तिच्यात मी नापास झाले. समीकरणांनी घात केला. शाळेतला एकच नियम आठवत होता: बरोबरच्या चिन्हापलीकडे नेलं की अधिकाचं वजा होतं. का होतं, ते कधी कळलंच नव्हतं.

शनिवारी दुपारी लेकीसमोर वही घेऊन बसले. ती आठवीत आहे. मराठी सगळं समजतं, बोलते बहुतेक इंग्रजीत.

"आई, नथिंग मूव्ह्ज. दोन्ही साइडला सेम गोष्ट करायची, दॅट्स ऑल," म्हणत तिने लिहिलं: ३x + ८ = २०.

मी लगेच विसाला तिनाने भागायला घेतलं. भाग जाईना.

"वेट. एक्सला आधी काय झालं?"

"तिनाने गुणलं."

"देन?"

"आठ मिळवले."

"सो, आधी काय काढशील?"

कामावर एका आजींना मी रोज आधी ब्लाउज घालते, मग वरून कार्डिगन. उतरवताना कार्डिगनच आधी निघतं.

"आठ," मी म्हटलं.

दोन्हीकडून आठ वजा केले. तीन एक्स बरोबर बारा उरले. मग दोन्हीकडे तिनाने भागलं. एक्स चार. तिने ताळा करायला लावला: चार त्रिक बारा, बारा आणि आठ वीस. म्हणजे आठ उडी मारून पलीकडे जात नव्हते तर! दोन्हीकडून सारखेच काढले होते.

"हे आम्हाला कुणी सांगितलंच नाही गं."

"मेबी दे डिड," ती सहज म्हणाली. "मेबी यू वर टू स्केअर्ड."

मला ते लागलं. पण खोटं नव्हतं. गणिताच्या तासाला मी सरांची नजर चुकवून बसायचे, ऐकायचे कुठे?

पुन्हा चाचणी दिली ती जवळच्याच वेरिबी गावात. या वेळी कंस होता: २(x + ३) = १४. एक्सला शेवटी काय झालं? दोनाने गुणलं. म्हणून इथे भागाकार आधी. सात. मग तीन वजा. चार.

पास झाल्याचं कळलं तेव्हा नवरा ऑफिसातून ट्रेनने परत येत होता. मी लगेच त्याला फोन लावला. अभिनंदन वगैरे झाल्यावर त्याने विचारलं, "काय काय आलं होतं?" मी ते कंसाचं गणित फोनवर पहिल्यापासून सोडवून दाखवलं. त्याला ते येत होतं, तरी त्याने मध्ये एकदाही तोंड घातलं नाही.