अण्णांचा ग्लोव्ह

जळगाव स्टेशनवर गाडी लागली, तेव्हा मी कॅचरचा ग्लोव्ह बॅगेत कोंबत होते आणि अण्णा तो बाहेर काढत होते. "तिकडे शिकवायला चाललीस ना? मग याचं काय काम? राहू दे इथे. खांदा बरा झाला की तुझा चेंडू झेलायला मला लागेल." फलाटावर वडिलांशी ओढाताण बरी दिसत नाही, म्हणून सोडून दिला. गाडी हलली तरी अण्णा तो काखेत धरून उभे होते.

अण्णा एसटीच्या वर्कशॉपमध्ये मेकॅनिक. बेसबॉलशी त्यांचा संबंध एवढाच, की मी पिचर, म्हणजे चेंडू फेकणारी, झाले आणि रोज संध्याकाळी माझा चेंडू झेलायला कुणीतरी हवं होतं. घरामागच्या मोकळ्या प्लॉटवर ते उकिडवे बसायचे, ग्लोव्ह पुढे करायचे आणि ओरडायचे, "हाताची घाई नको, आधी पाय!" त्या जोरावर मी महाराष्ट्राकडून खेळले, खेळावर नोकरी मिळवली आणि मग खांद्याचा स्नायू फाटला. ऑपरेशननंतर डॉक्टर म्हणाले, फेका, पण हळू. पिचरला हळू फेक म्हणणं म्हणजे गवयाला नुसतं गुणगुण म्हणणं. मी फेकणंच सोडलं.

आता परदेशात, क्वीन्सटाउनला राहते, एका अकॅडमीत मुलींना पिचिंग शिकवते. दिवसभर दुसऱ्यांचे हात बघायचे. एमआरटी ट्रेनमध्ये उभी असले की माझी बोटं आपोआप चेंडू धरल्यासारखी वळतात. नवरा म्हणतो, येरझारा घालून टाइल्स झिजवशील. फ्लॅट भाड्याचा, म्हणून त्याला काळजी. मैदान हिरवंगार, चेंडू नवे कोरे, पगार वेळेवर, तरी जिवाला चैन नाही. क्लोई नावाची माझी विद्यार्थिनी एकदा म्हणाली, "कोच, यू ऑल्वेज टॉक ओन्ली. थ्रो वन टाइम लाह!" मी तिला मैदानाला फेरी मारायला पाठवलं. राग खरं तर तिचा नव्हता.

व्हिडिओ कॉलवर अण्णा ग्लोव्ह घालून त्यात मूठ हाणून दाखवायचे. "मऊ ठेवलाय बघ." मी विषय बदलायची.

गेल्या आठवड्यात नवऱ्याच्या ऑफिसातला एकजण जळगावहून परतला. त्याने लोणच्याच्या बरणीबरोबर तो ग्लोव्ह आणला आणि अण्णांचा निरोप: "माझे गुडघे आता वाकत नाहीत. तिच्या मुलींना होईल." नवऱ्याने लोणचं उघडलं. मी ग्लोव्हमध्ये हात घातला. आत अण्णांच्या बोटांचे खळगे पडलेत, माझी बोटं तिथवर पोचत नाहीत. मला रडूच फुटलं. त्यांच्या वाट बघण्याची इतकी वर्षं मला कटकट वाटत होती. पण ते वाट बघतायत, याच भरवशावर तर मी इकडे राहिले होते. तो ग्लोव्ह त्यांच्याकडे होता, तोवर माझं घर तिकडे होतं.

दुसऱ्या दिवशी क्लास संपल्यावर क्लोईला तो ग्लोव्ह देऊन समोर बसवलं. इतक्या वर्षांनी फेकलेला चेंडू तिच्या अलीकडेच टप्पा खाऊन बाजूला गेला. "नेव्हर माइंड, कोच," ती म्हणाली. "अगेन."

घरी येऊन फोन लावला. "अण्णा, सुट्टीत येतेय. ग्लोव्ह परत आणतेय."

"अगं, पण माझे गुडघे..."

"उकिडवं बसूच नका. खुर्ची घ्या. मीही हळूच टाकणार आहे."

मग अण्णा म्हणाले, "प्लॉटवर गवत फार माजलंय. उद्याच काढायला घेतो."